गाळलेला शब्द

आमच्या दैनिकात जिन्याखाली एक लांबट खोली होती. तिच्यात लोखंडी कपाटं, कपाटांत खाकी पाकिटं आणि पाकिटांत पन्नास वर्षांचे फोटो. या खोलीचा कारभार तेवीस वर्षं एकाच बाईंकडे होता. सगळं ऑफिस त्यांना फोटोबाई म्हणायचं, नवीन लागलेला शिपाईसुद्धा पहिल्याच दिवसापासून. अंगानं बारीक, चष्म्याची एक काडी दोऱ्यानं बांधलेली, बोलणं हळू. पण कपाटाच्या किल्ल्या मागायला आलेल्या माणसाला त्या आधी उभं करत आणि तीन प्रश्न विचारल्याशिवाय हलू देत नसत.

प्रत्येक पाकिटाच्या पाठीवर त्या पेन्सिलनं लिहून ठेवत: फोटो कुणाचा, कधीचा, कुणी काढला. एवढं कुठल्याही दैनिकात लिहितात. बाई आणखी एक ओळ लिहीत. फोटोग्राफर फोटो घेऊन आला की त्याला विचारत, "त्या माणसाला काय सांगून काढलास?" फोटोग्राफर वैतागत. एकानं एकदा इस्पितळाच्या दारात रडणाऱ्या बाईचा फार सुंदर फोटो आणला होता, पुढे त्याला बक्षीसही मिळालं. पाकिटावर बाईंनी लिहिलं, "काही सांगितलं नाही." आणि तो फोटो त्यांनी पुन्हा कधी कुणाला दिला नाही. मागितला की सापडत नाही म्हणत. पाच मिनिटांत चाळीस वर्षांपूर्वीचा पूर शोधून देणाऱ्या बाईंना तोच एक फोटो सापडत नसे. आम्हीही मग विचारायचं सोडलं.

मी तेव्हा पहिल्या पानाचा मुख्य उपसंपादक होतो. माझं टोपणनाव कात्री. बातमीदारानं चारशे शब्द दिले की मी दीडशेवर आणायचो आणि त्यात काही हरवलंय असं बातमीदारालाही वाटत नसे. याचा मला अभिमान होता. हे आधीच सांगून टाकतो, कारण बाईंच्या आयुष्यात जे घडलं त्याला माझी कात्रीही कारण आहे.

आमच्या शहरात चार भाषा बोलल्या जातात आणि तीन तऱ्हांनी प्रार्थना होते. नदीच्या पलीकडे जी वस्ती आहे तिथल्या लोकांना सगळे 'पलीकडचे' म्हणतात. त्यांच्या आज्या-पणज्यांच्या काळात ते इथं आले, तरी पलीकडचेच राहिले. भाषा वेगळी, पेहराव वेगळा, पुरुषांच्या डोक्यावर काळ्या काठाची गोल टोपी. ती टोपी दिसली की माणूस कुठला ते विचारावं लागत नाही. संपादकांच्या केबिनबाहेर आमची आचारसंहिता चौकटीत घालून लावली होती. गुन्ह्याच्या, आजाराच्या, भांडणाच्या बातमीत कुणाची जमात लिहायची नाही, हा तिच्यातला दुसरा नियम. शिकाऊ मुलांना तो मीच पाठ करायला लावायचो.

त्या मंगळवारी दुपारी एका प्राथमिक शाळेतली बावन्न मुलं मधल्या सुट्टीनंतर ओकायला लागली. सगळ्यांना इस्पितळात नेलं. चार वाजेपर्यंत बहुतेकांना बरं वाटू लागलं होतं, पण शहराचा जीव टांगणीला लागला होता. आमच्या बातमीदारानं लिहिलं, सुट्टीत वाटलेल्या पावातून विषबाधा झाल्याचा संशय. संशय कुणाचा, ते लिहिलं नव्हतं. मी विचारलं तर म्हणाला, "सगळेच म्हणतायत." फोटोग्राफरला इस्पितळात आत सोडलं नव्हतं. साडेपाचला मी जिन्याखाली गेलो.

"बाई, बेकरीचा फोटो द्या. चार कॉलम."

त्यांनी दोन पाकिटं काढली. एकात नुसती भट्टी होती. दुसऱ्यात एक बेकरीवाला, तीन वर्षांपूर्वी रविवारच्या पुरवणीतल्या 'पहाटे उठणारी माणसं' या लेखासाठी काढलेला. कोपरापर्यंत पीठ, हातात लांब दांड्याचं फावडं, डोक्यावर ती टोपी, हनुवटीवर दाढी, आणि सरळ कॅमेऱ्याकडे बघून मोकळं हसू. फोटो इतका जिवंत होता की मी लगेच हात पुढे केला.

"हा नको," बाई म्हणाल्या. "यात माणूस ओळखू येतो. भट्टीचा घ्या."

"भट्टीचा काळा छापतो. पान मेल्यासारखं दिसेल."

"याला पुरवणीसाठी म्हणून सांगितलं होतं. हे बघा, लिहिलंय मागे."

"बाई, वीस मिनिटांत पान जायचंय."

त्यांनी कागदाचा कपटा घेऊन त्यावर फोटोओळ लिहिली: 'संग्रहित छायाचित्र. या बेकरीचा सदर घटनेशी संबंध नाही.' कपटा टाचणीनं फोटोला लावला आणि म्हणाल्या, "हे असंच्या असं छापणार असाल तरच देते." मी हो म्हणालो. खोटं बोलायचं म्हणून म्हणालो नव्हतो.

वर आलो तर खालच्या पट्टीत सायकलच्या दुकानाची जाहिरात वाढली होती. फोटोओळीला एकच ओळ उरली. बातमीदारानं दिलेलं वाक्य 'शहरातील बेकऱ्यांची तपासणी सुरू' हे मला महत्त्वाचं वाटलं. म्हणून संबंध नाही हे वाक्य काढलं. तरी ओळ तीन अक्षरांनी पुढे जात होती. मग 'संग्रहित' काढलं. मथळा दिला, 'पावातून विष? बावन्न मुले रुग्णालयात'. प्रश्नचिन्ह मी स्वतः टाकलं होतं आणि किती सांभाळून काम करतो आपण, असं मला त्या वेळी वाटलं होतं. कुणाच्या जमातीबद्दल पानावर एक अक्षर नव्हतं. आचारसंहिता पूर्ण पाळली होती.

सकाळी बाईंनी पान पाहिलं ते घरी, चहाच्या वेळी. घरात त्या, सासूबाई आणि कॉलेजात जाणारी मुलगी. नवरा दूरच्या एका बंदरावर क्रेन चालवतो, वर्षातून दोनदा येतो. बाईंनी फोटोओळ वाचली, चष्मा पुसून पुन्हा वाचली. तेवढ्यात मुलीनं मोबाइल पुढे केला.

"आई, हा तुमच्या पेपरातलाच फोटो ना?"

फोटो तोच होता. खाली मथळाही होता, पण कुणीतरी प्रश्नचिन्ह कापलं होतं. त्याखाली लिहिलं होतं, 'आता तरी ओळखा हे कोण आहेत ते.' मुलीच्या कॉलेजच्या गटात तो सात वेळा आला होता.

त्या दिवशी बेकरीची काच फुटली. पाव पोचवायला गेलेल्या कामगाराला बाजारात धरून मारलं, त्याचे पुढचे दोन दात गेले. दुपारी बेकरीवाला आमच्या ऑफिसात आला. स्वागतकक्षातल्या बाकावर, अंग चोरून, एका टोकाला बसला. मांडीवर चौपदरी घडी घातलेला पेपर. टोपी काढून खिशात कोंबली होती. पहारेकऱ्यानं वर फोन केला आणि वरून निरोप आला, साहेब मीटिंगमध्ये आहेत. हे बाईंच्या कानावर गेलं तशा त्या जिन्याखालून बाहेर आल्या आणि त्याच्या शेजारी बसल्या. मी वरच्या काचेतून बघत होतो. खाली जायचा मला धीर झाला नाही. त्यांचं बोलणं मला नंतर बाईंकडून कळलं.

तो म्हणाला, "माझा पाव त्या शाळेत जातच नाही. कधीच गेला नाही."

"माहीत आहे," बाई म्हणाल्या.

"माहीत आहे, मग छापलं कसं?"

"फोटो मी दिला."

त्यानं त्यांच्याकडे बघितलं. रागावला नाही. म्हणाला, "तुमचा माणूस आला होता तेव्हा माझ्या बायकोनं त्याला चहा दिला. तो म्हणाला, चांगलं छापून येणार आहे. तेव्हा आलंही चांगलं. आम्ही ते पान भिंतीला लावलंय." मग म्हणाला, "आता ते काढायचं का?"

बाई त्याला घेऊन थेट संपादकांच्या केबिनमध्ये शिरल्या. तेवीस वर्षांत त्या तिथं बोलावल्याशिवाय गेल्या नव्हत्या. संपादक माणूस वाईट नव्हता. त्यांनी बेकरीवाल्याला खुर्ची दिली, पाणी दिलं, ऐकून घेतलं. मला बोलावलं. शब्द कुणी गाळला, असं त्यांनी विचारलं तेव्हा मी तोंड उघडायच्या आत बाई म्हणाल्या, "कुणी गाळला ते महत्त्वाचं नाही. आता काय करायचं ते बोलू. हाच फोटो, याच जागी, याच आकारात छापा आणि खाली लिहा की या माणसाचा काही संबंध नाही."

संपादक म्हणाले, "बाई, नीट विचार करा. आज ज्यांनी बघितला नाही, तेही उद्या बघतील. दिलगिरी कोण वाचतं? चेहरा तेवढा लक्षात राहतो. तुम्ही त्याचं भलं करायला जाल आणि त्याच्याच मुळावर याल."

बाई बेकरीवाल्याला दारापर्यंत सोडायला गेल्या.

दिलगिरी मीच लिहिली. सातव्या पानावर, तळाला, चार ओळी. 'काल प्रसिद्ध झालेले छायाचित्र संग्रहित होते. संबंधितांना झालेल्या मनस्तापाबद्दल आम्ही दिलगीर आहोत.' शुद्धलेखनाची एकही चूक नव्हती. आठव्या दिवशी तपासणीचा अहवाल आला. शाळेच्या पाण्याच्या टाकीत मेलेले उंदीर सापडले होते, पावात काहीच नव्हतं. ती बातमी पाचव्या पानावर तीन परिच्छेदांत गेली. पहिल्या पानावर त्या दिवशी पुलाचं उद्घाटन होतं.

बाई मुद्दाम वाट वाकडी करून त्या बेकरीतून पाव घेऊन घरी गेल्या. सासूबाईंनी पिशवी बघितली आणि हात लावला नाही.

"अहो, पाण्यात उंदीर होते. आलंय छापून," बाई म्हणाल्या.

"असतील की उंदीर."

"फोटो मीच दिला होता, आई. मला माहीत नाही का खरं काय ते?"

"तुझं खरंच असेल गं," सासूबाई म्हणाल्या. "पण उगाच कशाला?"

बाईंनी एकटीनं तो पाव तीन दिवस खाल्ला. हे त्यांनी मला सांगितलं तेव्हा त्या हसत होत्या, पण डोळे हसत नव्हते. मला म्हणाल्या, "अहो कात्री, माझ्या घरातलं एक माणूस मला पटवता येत नाही, तिथं शहराचं काय?"

तरी त्यांनी सोडलं नाही. रविवारच्या पुरवणीच्या संपादिकेला गाठून त्या महिनाभर मागे लागल्या. त्या बेकरीवर नीट लेख करा, माणसं बघू देत तिथं काय आहे ते. बेकरीवाला नको म्हणत होता. बाई दोनदा त्याच्याकडे गेल्या, एकदा त्याच्या बायकोशी बोलल्या. "एकदा स्वच्छ छापून येऊ द्या," म्हणाल्या. शेवटी तो तयार झाला. लेख चांगला झाला. पूर्ण पान. त्याचा आजा कसा आला, भट्टी कशी बांधली, पहाटे किती वाजता पीठ मळतात, सगळं. फोटो नवीन काढला होता. त्यात तो हसत नव्हता.

तासाभरात जुना फोटो पुन्हा सगळीकडे फिरू लागला. नवा आणि जुना शेजारी शेजारी. खाली लिहिलेलं, 'यांनी पेपरच विकत घेतला.' जे विसरत आले होते त्यांना आठवण झाली. मंगळवारी बेकरीच्या दारावर कुणीतरी डांबर ओतलं.

बेकरीवाल्यानं ऑफिसात फोन करून बाईंना बोलवायला सांगितलं. म्हणाला, "ताई, तुमचं मन चांगलं आहे ते मला कळतं. पण आता माझा फोटो नको. चांगल्यासाठीसुद्धा नको." बाई हो म्हणाल्या. त्यानं विचारलं, "तुमच्याकडे जे आहेत ते परत मिळतील?" बाईंनी त्याच संध्याकाळी पाकिटातले पाचही फोटो आणि निगेटिव्ह काढले आणि नेऊन दिले. ऑफिसचा माल असा कुणाला देता येत नाही. त्यांनी कुणाला विचारलं नाही. अर्थात देऊन उपयोग काय होता? तोवर तो फोटो फक्त आमच्या कपाटात राहिलाच नव्हता.

दोन महिन्यांनी बेकरी बंद झाली. कुटुंब शहर सोडून गेलं. तेव्हा बाईंनी वृत्तपत्रांविरुद्धच्या तक्रारी ऐकणाऱ्या परिषदेकडे तक्रार केली, स्वतःच्या दैनिकाविरुद्ध, स्वतःच्या सहीनं. तक्रारीत फोटो कसा निवडला, कपट्यावर काय लिहिलं होतं, सगळं होतं. माझा उल्लेख नाव न घेता नुसता 'डेस्क' असा होता. मी ती प्रत वाचली आणि त्यांना म्हणालो, "माझं सांगा ना. मी येतो साक्षीला."

"तुमची नोकरी जाईल. मुलीचं लग्न ठरतंय ना तुमच्या?"

"आणि तुमची?"

"माझी जात नाही. माझी कोण घेणार?"

मी पुन्हा आग्रह केला नाही. एकदाच विचारलं, हे मला चांगलं आठवतं.

बाईंची नोकरी गेली नाही. त्यांना वर्गणीदारांच्या तक्रारींच्या खिडकीवर बसवलं. पेपर उशिरा आला, पेपर भिजला, पुरवणी मिळाली नाही. जिन्याखालचा संग्रह एका बाहेरच्या कंपनीला कॉम्प्युटरवर चढवायला दिला. त्यांची माणसं सहा आठवडे बसली, एकेक फोटो यंत्राखाली घालत. बाई जेवणाच्या सुट्टीत एकदा डोकावल्या आणि म्हणाल्या, "पाकिटाच्या मागचंही घ्या." यंत्रावरच्या माणसानं सांगितलं, करारात फक्त फोटो आहेत. पाकिटं पोत्यात भरून रद्दीत गेली. नव्या पद्धतीत 'बेकरी' असं टाइप केलं की चार सेकंदांत फोटो येतात. त्यात तो फोटोही येतो, छापील पानावरून उचललेला. मी दोनदा काढून टाकायला सांगितलं. दोन्ही वेळा पुढच्या आठवड्यात परत आला.

परिषदेचा निकाल यायला चौदा महिने लागले. निकाल बाईंच्या बाजूनं होता. दैनिकानं पुरेशी काळजी घेतली नाही, बहुभाषिक आणि बहुधर्मीय समाजात छायाचित्र हेही विधानच असते, परिषद याबद्दल तीव्र नापसंती व्यक्त करते. नापसंतीपलीकडे परिषदेच्या हातात काही नसतं. निकाल छापणं मात्र बंधनकारक होतं. तो अकराव्या पानावर निविदांच्या मध्ये आला, इतक्या बारीक अक्षरात की मला भिंग घ्यावं लागलं.

बेकरीवाल्याचा पत्ता बाईंनी दात गेलेल्या त्या कामगाराकडून मिळवला. एका रविवारी सकाळी मला म्हणाल्या, "येता का?" मी गेलो. तीन तासांचा बसचा प्रवास. एका मोठ्या कारखान्यासारख्या बेकरीत तो मागच्या बाजूला पाव भाजायचे पत्रे घासायच्या कामावर होता. टोपी नव्हती. दाढी काढली होती. मी त्याला ओळखलं नाही, बाईंनी ओळखलं.

त्यानं हात पुसले आणि आम्हाला पिठाच्या पोत्यांवर बसवलं. बाईंनी निकालाचं कात्रण काढून वाचून दाखवलं, सावकाश, अवघड शब्दांचा अर्थ सांगत. तो मान खाली घालून ऐकत होता. मग मी म्हणालो, "तो शब्द मी गाळला होता. संग्रहित हा."

"काय शब्द?"

"संग्रहित."

"म्हणजे काय?"

बाईंनी सांगितलं, "म्हणजे फोटो जुना आहे, आजचा नाही."

बाहेर कुणीतरी ट्रे आपटत होतं. "तो छापला असता," त्यानं मला विचारलं, "तर लोक थांबले असते?"

मी बाईंकडे बघितलं. त्या हातातल्या कात्रणाकडे बघत होत्या. मी म्हणालो, "काही थांबले असते कदाचित."

"काही," तो म्हणाला. त्याच्या बोलण्यात टोमणा नव्हता. तो उठला, कारण मुकादम दारात येऊन उभा होता. बाईंनी कात्रण पुढे केलं. त्यानं घेतलं नाही. "घरात नको," म्हणाला. "बायको आत्ता कुठे जरा झोपायला लागलीय."

परतीच्या बसमध्ये बाई खिडकीशी बसल्या होत्या. अर्ध्या वाटेत म्हणाल्या, "मी तेव्हा भट्टीचाच द्यायला हवा होता. हट्टानं." मी म्हणालो, चूक माझी होती. त्या म्हणाल्या, "आता वाटून घेऊन काय करायचं."

निवृत्तीला चार वर्षं उरली असताना त्यांनी नोकरी सोडली. निरोपसमारंभ नको म्हणाल्या. मी अजून त्याच खुर्चीत आहे. मधून मधून त्यांच्या घरी जातो. मुलगी दुसऱ्या शहरात नोकरीला गेली. सासूबाईंना आता दिसत नाही, पण रोज निधनवार्ता ऐकल्याशिवाय त्यांना चैन पडत नाही, म्हणून शेजारचा पेपर येतो. बाई तेवढंच पान उघडतात आणि मोठ्यानं वाचतात. कुणाचं वय किती, मागे कोण कोण, अंत्यविधी किती वाजता. पहिलं पान त्या घडीच्या आत घालून ठेवतात.

मागच्या खेपेला मी विचारलं, "बाकीचं काही वाचत नाही?"

"नाही," म्हणाल्या. "इथले फोटो घरच्यांनीच दिलेले असतात."

आतून सासूबाईंनी हाक मारली, पुढे वाच म्हणून. बाईंनी चष्मा सारखा केला आणि पुढचं नाव वाचायला घेतलं. मी चहा संपवून निघालो. पान लावायला पोचायचं होतं.